वय २२, क्रिएटिनिन १.६

१२ फेब्रुवारी

ढापणे,

फाडू नकोस. पाकिटावरचं अक्षर ओळखून तुझी बोटं आधीच कडेला गेली असतील, माहीत आहे मला. हे प्रेमपत्र नाही. गेल्या दीड वर्षात मनातल्या मनात लिहिली ती सगळी प्रेमपत्रं होती, ती मी टाकली नाहीत. हे टाकतोय, कारण माझा नंबर तू बंद करून ठेवलायस. तुमच्या लॅबला फोन केला की तो रिसेप्शनवाला माझा आवाज ओळखून म्हणतो, "मॅडम बिझी आहेत." मॅडम! वर्गात तुझ्या वहीच्या मागच्या पानावर मिशीवाली मांजरं असायची हे त्याला सांगायला हवं.

बाबांच्या दोन्ही किडन्या गेल्या.

एका ओळीत किती लहान दिसतं बघ. तीन आठवड्यांपूर्वी सकाळी त्यांचा बूट पायात जाईना. आई म्हणाली, बूट आखडला असेल. पाय सुजला होता. तरी कामाला गेले. तुला माहीत आहे त्यांचं काम, टॉवर क्रेन, बांधकामाच्या डोक्यावर लांब हात पसरून उभी असते ती. वर काचेच्या खोपट्यात बसून दिवसभर लोखंड उचलायचं. शिडीने वर जायला पंचवीस मिनिटं. त्या दिवशी चौथ्या टप्प्यावर बसले ते बसलेच. वर जाईनात, खाली येईनात. खालून माणसं हाका मारतायत आणि हे म्हणतायत, "ओरडू नका रे, दम खातोय." दम कसला खातायत, फुप्फुसात पाणी भरलं होतं. चौघांनी दोर बांधून उतरवलं. आयुष्यभर दुसऱ्यांचं ओझं उतरवलं, त्या दिवशी स्वतः ओझं झाले, असं ते स्वतःच म्हणाले आणि हसले. त्यांचं हसणं असलंच.

रिपोर्ट असा: क्रिएटिनिन सहा पूर्णांक चार, युरिया एकशे ऐंशी, जीएफआर नऊ. तुला यापुढे काही सांगायला नको. आईला सांगावं लागलं. तिने विचारलं, "नऊ म्हणजे शंभरात नऊ का रे?" किडनीचे डॉक्टर पेन घेऊन कागदावर चाळणी काढत बसले. आई त्यांना मास्तर म्हणते, तोंडावरसुद्धा. मास्तर म्हणाले, "स्नायू चालले की रोज थोडा कचरा होतो, त्यातला एक म्हणजे क्रिएटिनिन. चांगली किडनी तो गाळून लघवीत टाकते. चाळणी बुजली की तो रक्तात साठतो. तो किती साठलाय, माणसाचं वय काय, बाई की पुरुष, यावरून चाळणी किती चालतेय त्याचा अंदाज बांधतो, त्याला जीएफआर म्हणतात. साठच्या खाली तीन महिने राहिला तर काळजी. पंधराच्या खाली गेला तर डायलिसिसचं मशीन."

"म्हणजे कचरागाडी संपावर गेली," बाबा म्हणाले.

"संपावर नाही, निवृत्त झाली," मास्तर म्हणाले. "याआधी कधी तपासलं होतं?"

"कधीच नाही हो," आई म्हणाली. मी खिडकीकडे बघत होतो.

मी त्यांना कितीदा सांगितलं होतं, पाणी प्या, कंबरदुखीच्या गोळ्या कमी करा म्हणून. वर संडास नाही, म्हणून सकाळी एक चहा घेतला की दुपारपर्यंत घोटभर पाणी नाही. वर रोज दोन गोळ्या, कधी तीन. ऐकतात कुठे.

आता आठवड्यातून तीनदा मशीन. चार-चार तास. मी माझी किडनी देणार आहे. आईला साखर आहे, तिची चालत नाही. माझा रक्तगट जुळतो. बाबा आधी "मुलाच्या अंगात हात घालणार नाही" म्हणून भांडले. आईने दोन दिवस अबोला धरला, तेव्हा गप्प झाले. हो म्हणाले नाहीत, गप्प झाले.

तुला एवढंच कळवायचं होतं. खरं तर एवढंच नाही. पण बाकीचं आज नाही लिहीत.

काडेपेटी


२६ फेब्रुवारी

ढापणे,

उत्तर नाही. ठीक. मीही तुझ्या जागी असतो तर दिलं नसतं. नाही, खोटं. मी त्याच दिवशी दिलं असतं, चार पानी, आणि त्यात दोनदा तुझ्याशी भांडलो असतो.

एक अडचण आली आहे आणि ती तुझ्याशी बोलल्याशिवाय सुटत नाही.

दात्याची तपासणी म्हणजे काय प्रकार असतो तुला ठाऊक आहे. बारा-चौदा नळ्या रक्त, चोवीस तासांची लघवी डब्यात, छाती, पोट, दात, डोकं, सगळं. लोकांच्या दंडाला पट्टा आवळून रक्त घेण्यात अडीच वर्षं काढली मी, आणि स्वतःच्या वेळेला तोंड फिरवून बसलो. सगळं उत्तम आलं. क्रिएटिनिन शून्य पूर्णांक नऊ. प्रत्यारोपण विभागात एक समन्वयक बाई आहेत, कागदपत्रं त्याच बघतात. चष्म्यावरून बघण्याची पद्धत तुझ्यासारखीच. काल त्यांनी बोलावलं. टेबलावर एकच कागद.

"हे तुमचं नाव?"

"हो."

"वय बावीस, दोन वर्षांपूर्वीचं. क्रिएटिनिन एक पूर्णांक सहा. जीएफआर बासष्ट. लघवीत प्रथिनं, दोन अधिक." मग दुसरा कागद. "आणि हे दहा दिवसांनंतरचं. शून्य पूर्णांक नऊ. जीएफआर एकशे चोवीस. लघवी स्वच्छ. यातले तुम्ही कोणते?"

"दुसरा."

"मग पहिला कोण?"

मी म्हटलं, आठवत नाही. त्या म्हणाल्या, "आठवा. चोवीस वर्षांच्या मुलाची किडनी काढून घ्यायची आणि पुढे त्याचीच बिघडली तर मी कोणाला तोंड दाखवू? या कागदाचं कोडं उलगडल्याशिवाय तुमची फाइल पुढे सरकणार नाही."

तुला आठवतंय ना तो कागद? तूच तो पडद्यावर थांबवून धरला होतास.

ते रक्त बाबांचं होतं.

झालं, लिहिलं. बाबांचं रक्त घरी घेतलं होतं, आमच्या रक्तसंकलन केंद्रावरून तुमच्याकडे पाठवायच्या पेटीत ठेवलं, आणि गडबडीत माझ्या नावाचं स्टिकर त्या नळ्यांवर गेलं. सकाळी सात ते नऊ आमच्याकडे काय रांग असते तू बघितली आहेस. होतं असं.

तू फक्त एका कागदावर लिहून दे की नमुन्यांची अदलाबदल झालेली असू शकते. एक वाक्य. तुझी सही. माझ्यासाठी नको, बाबांसाठी दे. तुला ते "चष्मेवाली वैद्यीण" म्हणायचे आणि तू लाजायचीस, ते आठव.

का.


५ मार्च

तुझी चिठ्ठी मिळाली. दीड वर्षानंतर दोन ओळी, त्याही लॅबच्या मागणीपत्राच्या पाठीमागे! "अदलाबदल झाली नव्हती. माझ्या टेबलावर होत नाही. खरं काय ते लिही, आणि तुला केव्हा कळलं तेही."

वाचल्यावर मी पहिल्यांदा चिठ्ठी चुरगळली. मग भिंतीवर मूठ आपटली, भिंतीचं काही झालं नाही. मग चिठ्ठी उलगडून इस्त्री केली. खरंच केली, आईने विचारलं काय करतोयस, म्हटलं रुमाल.

माझ्या टेबलावर होत नाही म्हणे! तुझा हा ताठा मला पहिल्या दिवसापासून आवडतो आणि पहिल्या दिवसापासून डोक्यात जातो.

ऐक मग. गडबड नव्हती. मी मुद्दाम स्टिकर लावलं.

बाबांच्या कंपनीचा आमच्या लॅबशी करार आहे. क्रेन चालवणाऱ्या कोणाचाही नमुना त्याच्या नावाने आला की रिपोर्टची एक प्रत आपोआप कंपनीच्या डॉक्टरकडे जाते. वार्षिक तपासणीत ते फक्त नजर, साखर आणि रक्तदाब बघतात. त्या वर्षी बाबांच्या लघवीला फेस येत होता. त्यांनी मला संडासाच्या दाराशी उभं करून हळूच सांगितलं, आईला ऐकू जाऊ नये म्हणून. मी म्हटलं रक्त देऊन बघू. तर म्हणाले, "माझ्या नावाने नको. काही वाकडं निघालं तर उद्या खाली बसवतील, गोदामात याद्या लिहायला. तुझ्या नावाने टाक." आमच्या केंद्रावर असं करणारा मी पहिला नाही. कोणी बायकोचं, कोणी भावाचं, कोणाकोणाचं टाकतं. नाव काय, नळीला कुठे माहीत असतं? मी नाव टाकलं, माझं वय आपोआप आलं, पेटी गेली.

आणि त्याच दिवशी संध्याकाळी तुझा फोन.

कॉलेजात मी त्या सरांच्या अंगावर स्टूल भिरकावून निघून आलो, त्याला तेव्हा सहा महिने झाले होते. तू त्या दिवशी दारात उभी राहून म्हणाली होतीस, "गेलास तर परत माझ्याशी बोलू नकोस." मी गेलो. तू सहा महिने शब्द पाळलास. आणि आता फोन.

"काडेपेटी, जिवंत आहेस का?"

"का गं?"

"तुझं क्रिएटिनिन एक पूर्णांक सहा आलंय. लघवीत प्रथिनं. गाढवा, पाय सुजतायत का? फेस येतो का? तपासणी करायला सुचलं कसं, काय होतंय तुला?"

तुझा आवाज कापत होता. माझ्यासाठी.

अगं, बाबांचं आहे ते. चार शब्द होते. जिभेवर आले होते, आईशप्पथ. पण मग तू म्हणाली असतीस, "बरं, त्यांना डॉक्टरकडे ने," आणि फोन ठेवला असतास.

मी म्हटलं, "थोडा थकवा येतो."

तू पाऊण तास बोललीस. एकदाच कमी आलं म्हणजे किडनी गेली असं नाही, म्हणालीस. पाणी कमी पडलं, अंगात ताप असला, दांडगा व्यायाम केला, दुखण्याच्या गोळ्या घेतल्या तरी आकडा हलतो. व्यायामशाळेतल्या पोरांच्या पावडरीनेही वर जातो. "पावडर खातोस का?" विचारलंस. मी आयुष्यात कधी पावडर खाल्ली नाही. हो म्हणालो. तू म्हणालीस, "फेकून दे तो डबा. दहा दिवसांनी परत रक्त दे. तेव्हाही असंच आलं तर तीन महिने पाठपुरावा करावा लागेल, मी आहे."

मी आहे, म्हणालीस.

दहाव्या दिवशी मी माझं रक्त दिलं. तुझ्याच टेबलावर गेलं. तू फोनवर हसत होतीस आणि नाक ओढत होतीस. "एकशे चोवीस! बघ, ती पावडरच होती." पुढचे चार महिने तुला माहीत आहेत. ते माझ्या आयुष्यातले सगळ्यात चांगले चार महिने होते, आणि त्यानंतर तुमच्या कँटीनमध्ये मी त्या तंत्रज्ञाची कॉलर धरली आणि तू माझा नंबर बंद केलास तेही तुला माहीत आहे.

बाबांना मी तेव्हाच सांगितलं होतं, आकडा थोडा वर आहे, डॉक्टरला दाखवा. त्यांनी मनावर घेतलं नाही. एवढं माझ्या बाजूने लक्षात ठेव.

तुझाच


९ मार्च

हे तू घरी बसून वाचत असशील, कारण तुला घरी बसवलंय. मला आज कळलं. केंद्रप्रमुख सकाळी आले, माझं ओळखपत्र काढून घेतलं, त्याचं काही नाही. जाताना म्हणाले, "त्या पोरीचीही चौकशी लावलीस तू."

समन्वयक बाईंना मी गेल्या आठवड्यात लेखी दिलं होतं. त्यात लिहिलं होतं, "स्टिकर लावताना माझ्याकडून गडबड झाली असावी किंवा तपासणीच्या वेळी नळ्या बदलल्या असाव्यात." तो "किंवा" मी घातला. तुझ्या सहीची वाट बघवेना म्हणून घातला. हॉस्पिटलने ते लॅबला पाठवलं. आता लॅब विचारतेय की एकाच माणसाचा आकडा दहा दिवसांत एवढा उतरला, लघवीतली प्रथिनं नाहीशी झाली, तरी तपासणारीने नमुना नक्की त्याच माणसाचा आहे का हे का पडताळलं नाही. नियम आहे म्हणे तसा. आहेच. मलाही शिकवला होता, स्टूल फेकण्यापूर्वी.

का पडताळलं नाहीस ते मला माहीत आहे. तुला आनंद झाला होता.

चूक तुझी नाही. एवढं लिहायला पाकीट आणलंय, आणि पुढे काय लिहू ते सुचत नाही. पेनचं टोक दोनदा कागदातून आरपार गेलं. रागाने असेल. कोणावरचा ते विचारू नकोस.


१६ मार्च

आज सगळं लिहितो. आधी ते सगळं लॅबला आणि हॉस्पिटलला लिहून दिलं, मग तुला. हा क्रम तुझ्यासाठी आहे, एरवी मी आधी तुला लिहिलं असतं.

तू विचारलं होतंस, केव्हा कळलं. मी रक्त कोणाचं ते सांगितलं, आणि केव्हा ते गिळलं. तुला वाटत असेल की मला पुढे कधीतरी, बाबांचे पाय सुजल्यावर लक्षात आलं. नाही. मला त्याच संध्याकाळी कळलं होतं, तुझा फोन ठेवल्यावर तासाभरात. मी अर्धवट शिकलेला असलो तरी सूत्र मला पाठ आहे. बासष्ट हा आकडा यंत्राने बावीस वयाला काढला होता. बाबा अठ्ठावन्न. मी जुन्या वहीत मांडून बघितलं. पन्नास आलं. परत मांडलं. पन्नास. बासष्ट असतं तर माणूस म्हणतो, काठावर आहे, बघू. पन्नास, आणि वर लघवीत प्रथिनं, म्हणजे बघू नाही, उद्याच डॉक्टर. आकडा तोच होता, एक पूर्णांक सहा. फक्त माणूस छत्तीस वर्षांनी म्हातारा होता. मी ते पान फाडलं.

आणि बाबांना मी काहीच सांगितलं नव्हतं. "आकडा थोडा वर आहे" असंही नाही, पाण्याचं नाही, गोळ्यांचं नाही. दोन पत्रांत तुला खोटं लिहिलं. त्यांनी दुसऱ्या दिवशी दाढी करता करता आरशातून विचारलं, "काय रे, आलं का ते?" मी म्हटलं, "आलं. सगळं नॉर्मल." का, ते आता तूच जोडशील, पण मीच लिहितो. त्यांना खरं सांगितलं असतं तर डॉक्टरने आठवड्याभरात परत तपासायला लावलं असतं, या वेळी त्यांच्याच नावाने. ते रक्त तुझ्या टेबलावर आलं असतं. माझ्या वडिलांचं नाव, एक पूर्णांक सहा, प्रथिनं दोन अधिक. तू एका क्षणात ओळखलं असतंस. आणि मला तू हवी होतीस.

मास्तरांना मी परवा विचारलं, उगाच विचारल्यासारखं, की पन्नासवर पकडलं असतं तर? ते म्हणाले, "रक्तदाबाची गोळी सुरू केली असती. दुखण्याच्या गोळ्या बंद. पाणी, मीठ, दर तीन महिन्यांनी तपासणी. सगळ्यांचं टिकतं असं नाही, पण पुष्कळांचं दहा-पंधरा वर्षं टिकतं. कोणाकोणाचं मरेपर्यंत." मग म्हणाले, "का?" म्हटलं, सहज.

काल बाबांना सांगितलं. मशीनवर होते. दंडातून एका नळीने रक्त जातंय, दुसरीने परत येतंय, शेजारच्या खाटेवरचे आजोबा घोरतायत. मुद्दाम तिथे सांगितलं. उठून जाता येत नाही ना त्यांना. इतका मी शूर.

ते ऐकत राहिले. मध्ये एकदा नर्स येऊन रक्तदाब बघून गेली, तेवढा वेळ थांबलो, परत सुरू केलं. तुझ्यापर्यंत सगळं सांगितलं.

"पन्नास होतं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"आणि आता नऊ."

"हो."

"तू म्हणालास नॉर्मल. मी म्हटलं पोरगा लॅबमधला आहे, त्याला कळतं. गोळ्या चालू ठेवल्या मी. फेस यायचा, तरी म्हटलं नॉर्मल असेल." मग म्हणाले, "पोरगी तरी मिळाली का?"

"चार महिने."

"चार महिने." छताकडे बघून हसले. ते पहिल्या पत्रात सांगितलं तसलं हसणं नव्हतं.

मला वाटलं आता म्हणतील, तुझी किडनी नको मला. मी तयारी करून गेलो होतो. रडायची, पाय धरायची, सगळी. त्याऐवजी मशीनचा भोंगा वाजायला लागला, नर्स नळी सरळ करायला आली, आणि ते तिच्यासमोरच मला म्हणाले, "आधी नको म्हणत होतो. आता घेतो. आधी ती तुझी होती."

नर्सला वाटलं आशीर्वाद दिला. ती म्हणाली, "छान हं काका."

तुझ्या चौकशीत माझं हे निवेदन जोडतील. त्यात स्पष्ट लिहिलंय की स्टिकर मी मुद्दाम लावलं, दुसरा नमुना तुला फसवण्यासाठी दिला, पावडरचं खोटं बोललो. तुला परत घेतील. घ्यावंच लागेल.

मला माफ कर असं लिहिणार नाही. तू करशील अशी भीती वाटते, मग मी परत फोन करायला लागेन.


२४ एप्रिल

तुला परत घेतल्याचं कळलं. रिसेप्शनवाल्याने सांगितलं. मी फोन केला नव्हता, रस्त्यात भेटला. म्हणाला, "मॅडम जॉइन झाल्या." या वेळी मॅडम ऐकून बरं वाटलं.

हे शेवटचं. तुला हे कळायचा हक्क आहे म्हणून लिहितो.

परवा प्रत्यारोपणाच्या मंजुरी समितीसमोर उभे राहिलो. पाच माणसं, लांब टेबल, पाण्याच्या पाच बाटल्या. आधी बाबांना एकट्याला बोलावलं, मग आईला, मग मला. एक वयस्कर बाई मधोमध होत्या, समाजसेविका की कोण. आवाज इतका मऊ की चिडताही येईना. माझी दोन्ही निवेदनं त्यांच्यासमोर, एकाखाली एक.

"तुमच्यावर कोणी दबाव आणलाय?"

"नाही."

"वडिलांनी?"

"नाही."

"समजा वडिलांनी उद्या सांगितलं, मला नको, मी मशीनवर ठीक आहे. तर काय वाटेल?"

आईने मला आदल्या दिवशी बजावलं होतं, "नीट बोल, हो-नाही एवढंच बोल." मला उत्तर माहीत होतं. वाईट वाटेल, माझं त्यांच्यावर प्रेम आहे, एवढं म्हणायचं होतं. ते खरंही होतं. पण महिनाभर मी खरं लिहीत होतो, खरं बोलत होतो, तीच एक सवय नव्याने लागली होती, आणि मला वाटलं की आता इथे तरी काही लपवायचं नाही.

मी म्हणालो, "मग माझी सुटका होणार नाही."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "आणि किडनी दिली की होईल?"

"होईल असं वाटतं."

त्यांनी इतरांकडे बघितलं. मला बाहेर बसायला सांगितलं. वीस मिनिटांनी समन्वयक बाई कागद घेऊन आल्या. दात्याची संमती अपराधी भावनेतून आल्याचं दिसतं, निवेदन बदललं आहे, सबब सध्या मंजुरी नाही. मानसोपचार तज्ज्ञाकडे पाठपुरावा, सहा महिन्यांनी पुन्हा अर्ज करता येईल. त्या म्हणाल्या, "त्यांचंही चुकत नाही रे." पहिल्यांदा अरे-तुरे केलं.

आईने कागद माझ्या हातातून घेतला, वाचला, घडी घातली. मास्तर तिथेच होते. तिने त्यांना विचारलं, "सहा महिने निघतील ना यांचे?" मास्तर म्हणाले, "काढू या." आई त्यांच्याकडे बघतच राहिली. एरवी ते इतकं मोघम बोलत नाहीत.

बाबा भिंतीला टेकून बाकावर बसले होते. मी समोर उभा. आत मला काय विचारलं आणि मी काय म्हणालो ते त्यांना सांगितलं, शब्दन् शब्द. ते मान हलवत होते, कोणी क्रेनवर खालून खूण करावी आणि त्यांनी वरून समजल्याची मान हलवावी तशी.

"असं म्हणालास?"

"हो. खरं तेच म्हणालो."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. राग असता तर मला कळला असता, तो मला त्यांच्याकडूनच आलाय.

"त्या पोरीसाठी बोललास," ते म्हणाले, "तुझ्या नोकरीसाठी बोललास, स्वतःसाठी तर बोललासच. माझ्यासाठी एकदा खोटं बोलता आलं नाही तुला?"

आई म्हणाली, "चला." मी एका बाजूने धरलं, तिने दुसऱ्या बाजूने. लिफ्ट बंद होती. तीन जिने होते, आम्ही दर जिन्याला थांबत उतरलो.